‘बास्टर्ड’ : ही शिवी नेमकी कोणाला लागते?

इंग्रजी शिवी मराठी माणसाला लागत नाही, असा एक समज आपल्या सुशिक्षित वर्गात चांगलाच रुजलेला आहे. ‘बास्टर्ड’ हा शब्द महाविद्यालयाच्या कट्ट्यावर, कार्यालयात, क्रिकेटचा सामना पाहताना ज्या सहजतेने तोंडी येतो, त्या सहजतेने त्याचा एकही मराठी प्रतिशब्द येत नाही. मराठी शब्द उच्चारला तर माणूस असंस्कृत ठरतो. इंग्रजी उच्चारला तर फार तर जरा आधुनिक ठरतो. अर्थ मात्र दोन्हींचा एकच. हा दुटप्पीपणा शिष्टाचाराचा प्रश्न म्हणून सोडून देण्याजोगा नाही. साहित्य शिकवणाऱ्यांच्या आणि शिकणाऱ्यांच्या दृष्टीने तो अर्थविचाराचा आणि अनुवादविचाराचा प्रश्न आहे, म्हणून त्याची थोडी चिकित्सा करावी असे आम्हाला वाटते.

हा शब्द इंग्रजीत जुन्या फ्रेंचमधून आला. त्यातल्या ‘बास्त’ या अवयवाचा अर्थ बहुधा ओझ्याच्या जनावराचे खोगीर असा होता. खोगिराच्या अंथरुणावर जन्माला घातलेले मूल, म्हणजे वाटसरूचे मूल; लग्नाच्या पलंगावरचे नव्हे. व्युत्पत्ती अशी रांगडी असली तरी आरंभी हा शब्द निव्वळ शिवी नव्हता. १०६६ मध्ये इंग्लंड जिंकणाऱ्या नॉर्मंडीच्या विल्यमला ‘विल्यम द बास्टर्ड’ म्हणून ओळखत असत. सरदारघराण्यांत तो वंशावळीतले स्थान सांगणारा शब्द होता. त्याला धार आली ती कायद्याने. इंग्लंडच्या पारंपरिक कायद्यात विवाहबाह्य मुलाला ‘कोणाचाही मुलगा नव्हे’ असे मानले जाई. त्याला वारसा नाही. पुढे आईबापांनी लग्न केले तरी मूल औरस ठरावे, ही चर्चची सूचना तिथल्या सरदारांनी १२३६ मध्ये फेटाळली आणि ती दुरुस्ती व्हायला थेट १९२६ साल उजाडावे लागले. मधल्या काळात गरिबांसाठी केलेल्या १८३४ च्या कायद्याने अशा मुलाच्या पोषणाचा सगळा भार एकट्या आईवर टाकला आणि बापाला जवळजवळ मोकळे सोडले. शिवीला दात फुटतात ते असे. आधी व्यवस्था एखाद्याला बाहेर काढते, मग भाषा त्या बाहेर काढलेल्याच्या नावाने इतरांना हिणवू लागते.

शेक्सपिअरने हे फार लवकर ओळखले होते. ‘किंग लिअर’मधल्या एडमंडचा प्रवेश जुन्या छापील संहितांत त्याच्या नावाने होत नाही, तिथे ‘बास्टर्ड’ असेच छापलेले आढळते. म्हणजे पात्राने तोंड उघडण्याआधीच त्याची ओळख ठरून गेलेली असते. पहिल्याच प्रवेशात त्याचा बाप ग्लॉस्टर त्याच्या देखत त्याच्या जन्माची थट्टा करतो. मग दुसऱ्या प्रवेशात एडमंड जो प्रश्न विचारतो, तो खलनायकाचा असला तरी खोटा नाही : शरीर तेच, बुद्धी तीच, मग मी हीन कसा? नाटककार त्याच्या दुष्टपणाचे समर्थन करत नाही. पण तो शब्द ज्याला लागतो त्याला बोलू देतो.

येथे आपल्या वाङ्मयीन इतिहासातल्या एका गोष्टीकडे लक्ष वेधावेसे वाटते. मराठीत ‘लिअर’चा सर्वांत खोल ठसा उमटला तो शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’मध्ये, १९७० साली. त्या नाटकात म्हाताऱ्या बापाची परवड आहे, मुलांची कृतघ्नता आहे. ग्लॉस्टर आणि त्याच्या दोन मुलांचे उपकथानक मात्र नाही. स्वतंत्र नाटक म्हणून नाटककाराला तो पूर्ण अधिकार होता आणि त्यात दोष काढण्याचा आमचा हेतू नाही. परंतु परिणाम असा झाला की, ‘लिअर’ म्हटले की मराठी प्रेक्षकाला बापाचे दुःख आठवते. बापाने ज्याला पुरते आपले म्हटले नाही त्या मुलाचा प्रश्न आठवत नाही.

विसाव्या शतकात या शब्दाची धार बोथट होत गेली. ‘पुअर बास्टर्ड’ म्हणजे बिचारा, ‘लकी बास्टर्ड’ म्हणजे नशीबवान. ऑस्ट्रेलियात तर तो जवळजवळ सर्वनामासारखा वापरला जाऊ लागला. १९३२-३३ च्या ‘बॉडीलाइन’ मालिकेतला एक किस्सा क्रिकेटरसिक हमखास सांगतात. आपल्याला कोणीतरी ‘बास्टर्ड’ म्हटले अशी तक्रार घेऊन इंग्लंडचा कर्णधार जार्डिन ऑस्ट्रेलियाच्या खेळाडूंच्या दाराशी गेला, तेव्हा दार उघडणाऱ्याने आत वळून विचारले म्हणे, या बास्टर्डला बास्टर्ड कोण बास्टर्ड म्हणाला? पुढे डॉन चिप यांच्या ऑस्ट्रेलियन डेमोक्रॅट्स या पक्षाने तर ‘बास्टर्डांना प्रामाणिक ठेवा’ हीच घोषणा केली. तिथे बास्टर्ड म्हणजे मोठ्या पक्षांचे राजकारणी. आणखी एक उदाहरण आपल्या अगदी जवळचे आहे. आपल्याकडच्या आयटीआयमध्ये फिटरचे काम शिकणारा मुलगा कानशीचे प्रकार पाठ करतो, त्यात ‘बास्टर्ड’ हा एक प्रकार असतो. फार खरबरीतही नाही आणि फार गुळगुळीतही नाही असा, मधल्या दात्यांचा. तो मुलगा हा शब्द मास्तरांसमोर मोठ्याने म्हणतो आणि कोणालाही त्यात काही वावगे वाटत नाही.

मग शब्द खरोखरच निरुपद्रवी झाला, असे म्हणायचे का? जानेवारी २००८ मधली सिडनी कसोटी येथे आठवावी. ब्रॅड हॉगने कुंबळे आणि धोनी यांना उद्देशून हा शब्द वापरला अशी तक्रार भारतीय संघाने केली. ऑस्ट्रेलियन कानाला ती तक्रार चमत्कारिक वाटली. मैदानावर असे चालायचेच. त्याच सामन्यात हरभजनने सायमंड्सला ‘मंकी’ म्हटल्याचा आरोप झाला आणि तो ऑस्ट्रेलियाच्या दृष्टीने अक्षम्य होता. पुढे अपिलात तो सिद्ध झाला नाही आणि हॉगवरची तक्रार कुंबळेने मागे घेतली. निकाल काही असोत. भाषेच्या अभ्यासकासाठी तो सामना म्हणजे एक पाठच आहे. प्रत्येक समाजाला कोणती शिवी असह्य होते, हे त्या समाजाची कोणती जखम ओली आहे यावरून ठरते. वर्णद्वेषाची जखम तिकडे ओली होती, जन्माची इकडे.

तिकडची जन्माची जखम सुकली कशी, तेही पाहिले पाहिजे. ती शब्दाच्या अतिवापराने सुकली नाही. १९२६, १९६९, १९८७ अशा टप्प्यांनी इंग्लंडच्या कायद्याने औरस-अनौरस हा भेद जवळजवळ पुसून टाकला. समाजही बदलला. २०२१ मध्ये इंग्लंड आणि वेल्स येथे जन्मलेल्या मुलांपैकी ५१.३ टक्के मुले विवाहाबाहेर जन्मली. अशी मुले निम्म्याहून अधिक असण्याची ही नोंदींच्या इतिहासातली पहिलीच वेळ. ज्या वर्गातली निम्मी मुले शब्दाच्या मूळ अर्थाने ‘बास्टर्ड’ असतील, त्या वर्गात तो शब्द जन्माविषयी काय बोलणार? तिथे तो पोकळ झाला, कारण त्याच्या पाठीशी उभी असलेली व्यवस्था कोसळली.

आता आपल्याकडे पाहू. मराठीत या अर्थाच्या शब्दांची वाण कधीच नव्हती : दासीपुत्र, लेकावळा, कमअस्सल, हरामजादा, रांडेचा. यांतल्या शेवटच्या शब्दाकडे नीट पाहिले तर त्यात शिवी मुलाला घातलेली नसून आईला घातलेली आहे, हे दिसते. शिवाय मराठीत ‘रांड’ म्हणजे वेश्या आणि ‘रांड’ म्हणजे विधवाही. नवरा मेलेल्या बाईला वेगळा शब्द देण्याची तसदीसुद्धा भाषेने घेतली नाही. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले, ते याच शब्दाच्या तावडीतून गरोदर विधवांना आणि त्यांच्या मुलांना सोडवण्यासाठी. पुढे काशीबाई या ब्राह्मण विधवेचा मुलगा त्यांनी दत्तक घेतला. समाज ज्याला एक शिवी देऊन मोकळा झाला असता, त्याला त्यांनी यशवंत हे नाव दिले, स्वतःचे आडनाव दिले आणि डॉक्टर केले. शिवीला इतके सविस्तर उत्तर मराठी मुलखात क्वचितच कोणी दिले असेल.

त्याही मागे गेलो तर ‘संन्याशाची पोरे’ हे शब्द आहेत. विठ्ठलपंतांचा विवाह झालेला होता. मुले शब्दशः विवाहातलीच होती. पण संन्यास घेऊन पुन्हा गृहस्थाश्रमात येणे व्यवस्थेला मान्य नव्हते, म्हणून मुले बहिष्कृत झाली आणि शुद्धिपत्रासाठी पैठणला गेली, असे परंपरा सांगते. मुद्दा विवाहाचा नसून परवानगीचा आहे. कोणी जन्माला यावे आणि कोणी येऊ नये, हे ठरवण्याचा हक्क ज्यांनी आपल्या हाती ठेवला, त्यांनीच ही शिवी घडवली. ज्या भाषेने त्या पोरांना हिणवले, तिच्याच माथ्यावर ‘ज्ञानेश्वरी’चा मुकुट आहे, हे आपण अभिमानाने सांगतो, पहिला भाग मात्र पटकन सांगून पुढे सरकतो.

आणि मग १९८४ मध्ये आलेले शरणकुमार लिंबाळे यांचे ‘अक्करमाशी’. बारा मासे म्हणजे एक तोळा. अकरा भरले तर सोने कमी. बारमाशी तो अस्सल, अक्करमाशी तो हिणकस. सराफाच्या तराजूतला शब्द माणसाच्या जन्माला लावला गेला. सवर्ण जमीनदार बाप आणि दलित आई यांच्या पोटी जन्मलेल्या मुलाने तोच शब्द उचलून आपल्या आत्मकथनाच्या मुखपृष्ठावर ठेवला. इंग्रजी अनुवादात त्याचे शीर्षक ‘द आउटकास्ट’ असे झाले आणि त्यात जातीचा श्लेषही साधला. पण तो कमी पडलेला एक मासा त्या शीर्षकात नाही. ‘बास्टर्ड’ हा शब्द वापरला असता तरी तो आला नसता; कारण ‘बास्टर्ड’मध्ये विवाह आहे, ‘अक्करमाशी’मध्ये विवाहासोबत जातही आहे आणि बाईच्या शरीरावर मालकी सांगणारी जमीनही आहे. इंग्रजी शिवीचा मराठी प्रतिशब्द शोधताना आपण कोशातला शब्द आणतो. त्याच्याबरोबर एक अख्खी समाजरचना येते, तिचे काय करायचे हे अनुवादकाने ठरवले पाहिजे.

यावर एक आक्षेप रास्त आहे. शब्द झिजतात. ‘च्यायला’ म्हणणाऱ्याच्या मनात कोणाची आई नसते; खेड्यातली आजी नातवाला लाडाने ‘रांडेच्या’ म्हणते. प्रत्येक शब्दाचे मूळ उकरून त्याला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले तर बोलणेच अशक्य होईल. हे आम्हाला मान्य आहे. शिव्यांवर बंदी घाला असे म्हणणाऱ्यांपैकी आम्ही नाही. शिवीविना मराठी म्हणजे मिठाविना भाकरी. पण शब्द झिजला की नाही, हे बोलणाऱ्याने ठरवायचे नसते. त्याची एकच परीक्षा आम्हाला दिसते : तो शब्द ज्याला अक्षरशः लागू पडतो, तो माणूस शेजारी उभा असताना तुम्ही तो त्याच सहजतेने उच्चारू शकता का? ‘च्यायला’ या परीक्षेत बहुधा उत्तीर्ण होईल. लंडनमधला ‘बास्टर्ड’ही होईल. आपल्या वर्गातला होईल का?

कायदा आपल्याकडेही सरकतो आहे. हिंदू विवाह कायद्यातील १९७६ च्या दुरुस्तीने रद्दबातल विवाहातील मुले औरस मानली. अविवाहित आईला पालकत्वासाठी बापाचे नाव उघड करण्याची सक्ती करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये म्हटले. सप्टेंबर २०२३ मध्ये रेवणसिद्दप्पा प्रकरणात, रद्दबातल विवाहातील मुलांना एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेतील आईबापांच्या हिश्श्यात वाटा आहे, हेही स्पष्ट झाले. परंतु ‘मुळात विवाहच नाही’ अशा नात्यातील मूल १९७६ च्या त्या तरतुदीच्या कक्षेत आजही येत नाही. आणि कायद्याच्या पुस्तकापेक्षा गावाची जीभ फार सावकाश बदलते. देवदासींची मुले, फसवल्या गेलेल्या मुलींची मुले, बापाने नाव न दिलेली मुले आपल्याच वर्गांत बसतात. ती हात वर करून आपली ओळख सांगत नाहीत, एवढेच.

म्हणून शिक्षकांना आणि विद्यार्थ्यांना आमचे सांगणे इतकेच की, ‘लिअर’ शिकवताना एडमंडच्या नावाच्या जागी छापलेल्या त्या शब्दापाशी थांबावे आणि त्याचवेळी ‘अक्करमाशी’ हाताशी ठेवावे. ‘बास्टर्ड’ म्हणजे ‘एक इंग्रजी शिवी’ अशी टीप देऊन पुढे जाऊ नये. ज्या समाजाने जखम भरली, त्याला शब्द हसण्यावारी नेण्याचा अधिकार मिळतो. आपण जखम तशीच ठेवून त्यांचे हसणे तेवढे उसने आणले आहे. आणि त्याची किंमत, या शब्दाच्या बाबतीत नेहमी होते तशी, ज्याचा काही अपराध नाही असे एक मूल आणि त्याची आई मोजत आहेत.