यंत्र चुकले तर?



आपले जग आणि पलीकडचे जग यांच्यामध्ये म्हणे एक पडदा आहे. तो विरला की नजर, बाधा, आजारपण घरात शिरते. आणि हा पडदा पुन्हा घट्ट करणारे यंत्र विकत मिळते! अशा 'कवचां'च्या जाहिराती टीव्हीवर वर्षानुवर्षे चालल्या, आता मोबाइलवर फिरतात. त्यात 'ऊर्जा', 'लहरी', 'कंपने' हे शब्द मुद्दाम पेरलेले असतात. ऐकणाऱ्याला वाटावे, माल थेट प्रयोगशाळेतूनच आला.

मी आयुष्यभर मराठी शिकवले, विज्ञान नव्हे. म्हणून शब्दापासूनच सुरुवात करतो. 'यंत्र' शब्दाच्या मुळाशी 'यम्' धातू आहे. यम् म्हणजे आवरणे, ताब्यात ठेवणे. शेवटचा 'त्र' साधन दाखवतो. नेत्र, वस्त्र, शस्त्र यांतही तोच आहे. म्हणजे यंत्र हे आवरून धरण्याचे साधन. देवघरातल्या तांब्याच्या पत्र्यावरची आकृतीही यंत्र आणि पिठाची गिरणीही यंत्र. विकणाऱ्यांनी नेमकी इथेच मेख मारली. देवघरातल्या यंत्राला गिरणीची हमी चिकटवली आणि वर किंमत लावली.

हद्द राखण्याची ही धडपड नवी नाही. आपल्याकडे वेशीला मारुती, शिवेवर म्हसोबा. पटकीची साथ आली की मरीआईचा गाडा वाजतगाजत शिवेपार नेऊन सोडायचा. मग पुढच्या गावाने तो त्याच्या पुढच्या गावाच्या शिवेवर न्यायचा! हसू येते, पण भीती खरी होती. घरेच्या घरे ओस पडत. त्या माणसांना मी वेडे म्हणणार नाही. हाताशी दुसरे काही नसताना त्यांनी जे सुचले ते केले, आणि सगळ्या गावाने मिळून केले.

पण पटकी पाण्यातून पसरते, हे लंडनच्या डॉ. जॉन स्नो यांनी १८५४ साली दाखवले. पुढे १८८४ मध्ये रॉबर्ट कॉख यांनी कलकत्त्यात तिच्या जंतूची ओळख पटवली. त्यानंतर खरी हद्द कुठे घालायची ते कळले... पाण्यात! ग्रामपंचायतीचा माणूस विहिरीत टीसीएल पावडर टाकतो आणि ओटी टेस्ट करतो. नळीतल्या पाण्यात थेंब टाकले, पाणी पिवळे झाले, की क्लोरीन आहे. नाही झाले, तर पावडर कमी पडली किंवा जुनी निघाली. पुन्हा टाका. तिथे कोणी म्हणत नाही की तुमची श्रद्धा कमी पडली.

माझ्या मते सगळा फरक एवढाच आहे. जे चुकू शकते आणि चुकले की दिसते, ते साधन. कवच मात्र कधीच चुकत नाही. गुण आला तर कवचाचा, नाही आला तर दोष तुमचा. सोवळे पाळले नाही, दिशा चुकली, मनात शंका आली...

ओळखीतल्या एका घरात शाळकरी मुलीला फेफरे येत होते. बाधा म्हणून कवच आणले, भिंतीला लावले, भिंत बदलली, पुन्हा लावले. यात चार महिने गेले. औषधोपचार सुरू झाल्यावर हळूहळू फरक पडला. पैसे गेले त्याचे दुःख नाही. पण त्या चार महिन्यांत पोरगी कुठे चुलीजवळ, कुठे आडाजवळ पडली असती तर?

आपल्या राज्यात कायदा आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली. त्याच महिन्यात जादूटोणाविरोधी वटहुकूम निघाला आणि डिसेंबरमध्ये कायदा मंजूर झाला. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत. पुढे एका शिक्षकाने (शिक्षकाने, बरं का!) टीव्हीवरच्या 'हनुमान चालिसा यंत्रा'च्या जाहिरातींविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात याचिका केली. आपला परभणी जिल्हाही त्याच खंडपीठाखाली येतो. जानेवारी २०२१ मध्ये न्या. तानाजी नलावडे आणि न्या. मुकुंद सेवलीकर यांनी निकाल दिला की, देवाच्या किंवा बाबाच्या नावाने वस्तूला अलौकिक शक्ती चिकटवून तिची जाहिरात करणे बेकायदा आहे.

कोणी म्हणेल, सर, हा श्रद्धेवर घाला नाही का? मुळीच नाही. वारी, कीर्तन, भजन, घरातली पूजा, दर्ग्यातली प्रार्थना यांना त्या कायद्याने हातही लावलेला नाही. मारुतीला तेल वाहणारी म्हातारी त्याच्याकडून पावती मागत नाही, आणि मारुतीही तिला हप्ते पाडून देत नाही. तिची श्रद्धा तिच्यापाशी. भांडण आहे ते श्रद्धेचे दुकान मांडणाऱ्याशी. गाडगेबाबा कीर्तनात देवाचेच नाव घेत, पण आधी खराट्याने गाव झाडून काढत. गावाभोवती त्याहून चांगले कवच कोणी घातले असेल, असे मला वाटत नाही.

तेव्हा माझे म्हणणे इतकेच. घरात कोणी असे यंत्र आणायचे म्हणाले तर भांडू नका, त्याची थट्टाही करू नका. त्याच्या मनात कसली तरी खरी भीती आहे, ती आधी ऐकून घ्या. मग एकच विचारा: हे चालले नाही, तर ते आपल्याला कळणार कसे?

उत्तर आले नाही, तर पैसे खिशातच राहू द्या आणि दवाखान्याची वाट धरा.

असो. तुमचे अनुभव जरूर कळवा.