जितका वेळ खोटं दाखवलं, तितका वेळ खरं दाखवा

प्रति,
मा. अध्यक्ष आणि सदस्य,
न्यूज ब्रॉडकास्टिंग अँड डिजिटल स्टँडर्ड्स अथॉरिटी,
नवी दिल्ली



मी अकोला जिल्ह्याच्या तेल्हारा तालुक्यातल्या हिवरखेडचा. सातपुड्याच्या पायथ्याशी वसलेलं, कपाशी-सोयाबीनवर जगणारं आमचं गाव. इथं मी आयुष्यभर शाळेत इतिहास शिकवला, आता निवृत्त आहे. वृत्तवाहिन्यांविषयीच्या तक्रारी ऐकणारी आपली संस्था आहे, हे आमच्याकडे फार थोड्यांना ठाऊक आहे. म्हणून हे पत्र उघडपणे लिहितो. आपण तर वाचावंच, पण माझ्या गावकऱ्यांनीही वाचावं.

८ मे २०२५ ची रात्र. मे महिन्यातला वऱ्हाडातला उन्हाळा. रात्री दहा वाजले तरी भिंती तापलेल्या. गल्लीत बाजा टाकलेल्या होत्या आणि एका घरातला टीव्ही दाराकडे वळवून ठेवला होता. आदल्या दिवशी पहाटे ‘ऑपरेशन सिंदूर’ झालं होतं. पहलगामला २२ एप्रिलला २६ माणसं मारली गेली, त्यांत महाराष्ट्रातली सहा होती. तो राग आमच्या गल्लीतही होता, माझ्याही मनात होता. मग पडद्यावर लाल पट्ट्या सुरू झाल्या. नौदलाने कराची बंदर उद्ध्वस्त केलं. आपलं सैन्य सीमा ओलांडून आत घुसलं. इस्लामाबाद पडण्याच्या बेतात आहे. पाकिस्तानच्या लष्करप्रमुखाला अटक झाली. मागे भोंगा वाजत होता, निवेदक ओरडत होते. पोरं टाळ्या वाजवत होती.

आमच्या शेजारच्या वहिनींचा मुलगा फौजेत आहे. त्या टाळ्या वाजवत नव्हत्या. माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाल्या, ‘गुरुजी, हे आंदर गेले म्हन्तात, मंग आपला पोट्टा बी गेला असन काय?’ मी काय सांगणार होतो? मुलाचा फोन दोन दिवस लागत नव्हता. त्या रात्रभर टीव्हीसमोर बसून राहिल्या. बंद करायचीही भीती, न जाणो त्यातच काही कळलं तर.

सकाळी कराची होतं तिथंच होतं. ११ मे रोजी सेनादलांनी पत्रकार परिषद घेतली, तेव्हा नौदलाच्या अधिकाऱ्याने आपण कराचीसह ठरलेल्या लक्ष्यांवर हल्ल्यासाठी सज्ज होतो, असं सांगितलं. सज्ज होतो, इतकंच. त्याच वेळी हवाई दलाच्या अधिकाऱ्याने लढाईत नुकसान होतंच हे मान्य केलं आणि आपले सगळे वैमानिक घरी परतल्याचं सांगितलं. गणवेशातली माणसं मोजूनमापून बोलत होती. ज्यांनी कधी बंदूक हाती धरली नाही, ते मात्र स्टुडिओत बसून शहरं जिंकत होते.

आणि हे केवळ अतिउत्साहाचं प्रकरण नव्हतं. ७ मे रोजी पाकिस्तानी तोफगोळ्यांनी पूंछमध्ये आपलेच नागरिक मारले. त्यांत मदरशातले एक शिक्षक होते. काही वाहिन्यांनी त्यांना दहशतवादी म्हणून दाखवलं. पोलिसांना जाहीर खुलासा करावा लागला. शत्रूच्या गोळ्याने मेलेल्या माणसाला त्याच्याच देशाच्या पडद्यावर शत्रू ठरवलं गेलं. मीही शिक्षक आहे. ती बातमी वाचल्यावर मला त्या दिवशी जेवण गेलं नाही.

आता थोडा इतिहास सांगतो, कारण या भागाला युद्ध नवं नाही. १८६१ ते १८६५ मध्ये अमेरिकेत यादवी झाली, तिकडचा कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेना, आणि वऱ्हाडच्या कापसाला कधी नव्हे तो भाव आला. १८६५ मध्ये ते युद्ध थांबलं तसे भाव कोसळले, मुंबईत सट्टेबाजांच्या पेढ्या बुडाल्या. सात समुद्रांपलीकडच्या लढाईचा हिशेब आमच्या शेतात झाला. पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून दहा लाखांहून जास्त माणसं परदेशी पाठवली गेली. जाणाऱ्यांच्या गावांना कुणी विचारलं नव्हतं.

३ सप्टेंबर १९३९ ची तारीख मी मुलांना दर वर्षी आवर्जून सांगत असे. त्या दिवशी व्हाईसरॉय लिनलिथगो यांनी हिंदुस्थान जर्मनीशी युद्धात असल्याचं जाहीर करून टाकलं. मध्यवर्ती कायदेमंडळाला विचारलं नाही, निवडून आलेल्या प्रांतिक मंत्रिमंडळांनाही नाही. हिवरखेड तेव्हा ‘मध्य प्रांत व वऱ्हाड’ या प्रांतात होतं. कागदोपत्री वऱ्हाड निजामाचं, कारभार इंग्रजांचा. दोन दोन धनी असूनही इथल्या माणसाचं मत घ्यावं असं कुणाला वाटलं नाही. काँग्रेसच्या मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले, त्यांत आपल्या प्रांताचं रविशंकर शुक्लांचं मंत्रिमंडळही होतं.

पुढची गोष्ट तर आमच्या विदर्भातलीच. १७ ऑक्टोबर १९४० रोजी वर्ध्याजवळच्या पवनारला विनोबा भावे उभे राहिले आणि या युद्धाला माणसं किंवा पैसा देणं योग्य नाही असं बोलले. वैयक्तिक सत्याग्रहातले ते पहिले सत्याग्रही. चार दिवसांत त्यांना अटक झाली, तीन महिन्यांची शिक्षा झाली. एका माणसाचं खेड्यातलं भाषण, पण ते वर्तमानपत्रांत येऊ नये यासाठी सरकारने धडपड केली, आणि ती बंधनं पाहून गांधीजींनी ‘हरिजन’ साप्ताहिकं छापणंच थांबवलं. मला यात एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. सरकारला पवनारच्या सभेतल्या माणसांची भीती नव्हती. ती सभा इतर गावांना कळण्याची भीती होती. लोकांना न विचारता युद्धात उतरायचं, तर लोकांना नीट कळूही द्यायचं नाही. हे दोन्ही बरोबरच चालतं.

स्वातंत्र्यानंतर आम्हाला मत मिळालं. १९६२ मध्ये चीनशी युद्ध चालू असतानाच, ८ नोव्हेंबरला, संसद बोलावली गेली. सैन्य मागे हटत होतं आणि सभागृहात सरकारला खडे बोल ऐकवले जात होते. त्यानं देश मोडला नाही. त्याच महिन्यात यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्रिपद घ्यायला दिल्लीला गेले. पण त्या पराभवाची चौकशी केलेला हेंडरसन ब्रुक्स अहवाल १९६३ पासून आजवर सरकारने प्रसिद्ध केलेला नाही. २०२५ मध्ये लोकसभेत ऑपरेशन सिंदूरवर चर्चा झाली ती २८ आणि २९ जुलैला. आपली विमानंही पडली, हे सेनादलांच्या प्रमुखांनी स्पष्टपणे मान्य केलं ते ३१ मे रोजी, सिंगापुरात, परदेशी वृत्तसंस्थांशी बोलताना. आमच्या गल्लीतल्या वहिनींना ते सिंगापूरहून कळावं, हे मला पटलेलं नाही. सरकारला मी हे वेगळं लिहिणार आहे. युद्धात काही गोष्टी गुप्त ठेवाव्या लागतात हे मला मान्य आहे, आणि आपल्याला वाटेल की लपवणारं सरकार, तर पत्र आम्हाला कशाला? कारण गुप्तता वेगळी आणि बनावट वेगळी. सरकार गप्प राहिलं तर माणूस निदान वाट पाहतो. वाहिनी खोटं सांगते तेव्हा तो वाट पाहणंही सोडून देतो, त्याला सगळं कळलंय असं वाटतं.

अशा वेळी पडद्यावरची बेफिकिरी किती महाग पडते, हे महाराष्ट्राने २६ नोव्हेंबर २००८ ला सोसलं आहे. ताज आणि नरिमन हाउसबाहेरचं थेट प्रक्षेपण पाकिस्तानात बसलेले सूत्रधार पाहत होते आणि त्यावरून आतल्या हल्लेखोरांना सूचना देत होते. २०१२ च्या कसाब निकालपत्रात सर्वोच्च न्यायालयाने वाहिन्यांच्या त्या वागण्यावर कडक शब्दांत ठपका ठेवला. त्यानंतर थेट प्रक्षेपणावर बंधन घालणारा नियम केबल टीव्हीच्या नियमांत आला. पहलगामनंतर, २६ एप्रिल २०२५ ला, माहिती व प्रसारण मंत्रालयाने त्याची पुन्हा आठवण करून दिली. १० मे रोजी नागरी संरक्षण महासंचालनालयाला सांगावं लागलं की कार्यक्रमांत हवाई हल्ल्याचे भोंगे वाजवू नका. खऱ्या भोंग्याकडे लोकांनी कान बंद केले तर काय होईल, हा साधा विचार कुठल्याच संपादकाला सुचला नव्हता का?

सैन्याच्या हालचाली दाखवू नका, हा नियम झाला आणि तो हवाच. पण न झालेल्या हालचाली दाखवल्या तर काय, याचं उत्तर त्या नियमात नाही. ते उत्तर आपल्याकडे आहे. आपल्या आचारसंहितेत अचूकतेचा आग्रह आहे, चूक झाली तर ती पडद्यावर कबूल करण्याची गोष्टही आहे. मे महिन्यात अशा कबुल्या क्वचित कुठे ऐकू आल्या. आमच्या गल्लीत जी वाहिनी चालू होती, ती मी पुढचे आठ दिवस रोज पाहत होतो. कराचीचा विषय हळूच गायब झाला. ज्यांनी रात्री टाळ्या वाजवल्या, त्यांतली काही पोरं आजही मला सांगतात, ‘गुरुजी, बंदर तर उडवलंच होतं आपण.’ त्यांना दोष कसा देऊ? त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं.

अमेरिकेसारख्या देशातही हे घडलं आहे. ऑगस्ट १९६४ मध्ये टोंकिनच्या आखातात अमेरिकी जहाजांवर दुसरा हल्ला झाल्याचं सांगितलं गेलं, वृत्तपत्रांनी ते तसंच छापलं, आणि तीन दिवसांत काँग्रेसने अध्यक्षाला व्हिएतनाममध्ये मोकळीक दिली. तो दुसरा हल्ला झालाच नव्हता. २००३ मध्ये इराकच्या संहारक अस्त्रांचं तेच झालं. पण २६ मे २००४ रोजी ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने आपल्याच बातम्यांची झाडाझडती छापली आणि आपण पुरेसे काटेकोर नव्हतो असं वाचकांना सांगितलं. उशीर झाला होता, इराकमध्ये माणसं मरत होती. तरी सांगितलं, छापून सांगितलं.

माझी मागणी एवढीच आहे. युद्धाच्या काळात जी वाहिनी खोटी बातमी दाखवेल, तिने ती बातमी जितका वेळ दाखवली तितकाच वेळ, त्याच प्रहरी, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत दुरुस्ती दाखवावी. मध्यरात्री वेबसाइटच्या कोपऱ्यात नव्हे. बातमी रात्री दहाला आली असेल तर दुरुस्तीही रात्री दहालाच. आणि यासाठी पाहणाऱ्याच्या तक्रारीची वाट पाहू नका. वहिनींसारखी बाई दिल्लीला ठरलेल्या मुदतीत, ठरलेल्या नमुन्यात, चित्रफितीसह तक्रार पाठवणार नाही. ८ मेची रात्र आपणही पाहिली आहे. आपण स्वतःहून दखल घ्या. सगळ्या वाहिन्या आपल्या सदस्य नाहीत हे मला माहीत आहे. ज्या आहेत, त्यांच्यापासून सुरुवात करा.

वहिनींचा मुलगा सुखरूप आहे. १२ मे रोजी सकाळी त्याचा फोन आला. मधले चार दिवस त्या जेवल्या नव्हत्या, हे त्याला अजून कुणी सांगितलेलं नाही.

आपलं उत्तर मराठीत आलं तर ते मी गावात चारचौघांसमोर वाचून दाखवीन. इंग्रजीत आलं तर भाषांतर करून वाचीन. पण उत्तर द्यावं, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त शिक्षक
हिवरखेड, ता. तेल्हारा, जि. अकोला