गिटार कोणी वाजवली?

लालबागच्या आमच्या चाळीत पहिल्यांदा गिटार घेऊन जिना चढलो, तेव्हा शेजारच्या काकांनी विचारलं, "चर्चमध्ये वाजवायला लागलास काय रे?" प्रेमानेच विचारलं. पण त्यामागच्या समजाची आता मला चीड येते. जॅझ, गिटार, सॅक्सोफोन हे सगळं 'त्यांचं'. आपलं म्हणजे ढोल, लेझीम आणि गणपतीतला बँजो.

१९६८ साली शंकर-जयकिशनची 'रागा जॅझ स्टाइल' ही रेकॉर्ड आली. ११ राग. सतारीवर रईस खान, सॅक्सोफोनवर मनोहारी सिंग, ट्रंपेटवर जॉन परेरा, तबल्यावर रमाकांत, ड्रम्सवर लेस्ली गुदिन्हो. इलेक्ट्रिक गिटारवर दोघं : अनिबल कास्त्रो आणि दिलीप नाईक. 'आपलं' आणि 'त्यांचं' एकाच माइकपुढे बसलं होतं.

हे काही परदेशात घडत नव्हतं. ठाकूरद्वारहून चालत निघालं की थोड्या वेळात धोबीतलाव येतं. गोव्याचे वादक तिथल्या कुडांमध्ये राहायचे. १९७८ मध्ये जॅझ यात्रा सुरू झाली तीही तिथल्याच रंगभवनात. गिरगावकराला जॅझ परका वाटतो, तो अंतरामुळे नक्कीच नाही.

परका वाटतो, कारण वाजवणाऱ्याचं नावच आपल्यापर्यंत पोचू दिलेलं नाही. फोनवर जुनं गाणं लावा : गायक दिसेल, संगीतकार दिसेल, नशीब असेल तर गीतकार. ज्या चार सुरांवरून तुम्ही गाणं ओळखलंत, ते वाजवणारा गायब. सिनेमाच्या वादकाला सेशनचे पैसे मिळायचे, तिथे हिशेब संपायचा. पुढची पन्नास वर्षं ते गाणं इतरांसाठी कमावत राहायचं.

कायदा तर आणखी गमतीचा. २०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा कलाकाराला नावाचा हक्क देतो. पण त्याच दुरुस्तीत एक पाचर आहे : सिनेमातलं ज्याचं काम 'किरकोळ' आणि ज्याचं नाव धंद्याच्या रीतीप्रमाणे श्रेयनामावलीत येत नाही, तो जवळपास कलाकारच नव्हे. म्हणजे नाव छापत नाहीत म्हणून हक्क नाही, आणि हक्क नाही म्हणून नाव छापत नाहीत. असा लूप मी लिहिला असता तर कोड रिव्ह्यूमध्ये माझी धुलाई झाली असती.

आमच्या धंद्यात कोणी एक स्वल्पविराम बदलला तरी गिटमध्ये त्याचं नाव आणि वेळ नोंदली जाते. वादक पन्नास-साठ असायचे, रेकॉर्डच्या कव्हरवर जागा नसायची, हे मान्य. फोनवर कसली जागा कमी पडते? डेटाबेसमधला एक रकाना आहे तो. भरायचा नाही म्हणून रिकामा आहे.

परवा त्याच काकांना 'कलावती' ऐकवला. डोळे मिटून पूर्ण ऐकला त्यांनी. मग म्हणाले, "गिटार कोण रे?" दोन्ही नावं सांगितली.

"नाईक म्हणजे कुठले? कोकणातले?"

ॲपवर शोधलं. तिथे फक्त शंकर-जयकिशन होते.