मांडव्याची रो-रो जोरात, पण रेवसच्या गाळाचं काय?

अलिबाग : शनिवारी सकाळी मांडवा जेटीवर उभं राहिलं की चित्र लगेच ध्यानात येतं. रो-रोचा रॅम्प खाली येतो आणि पोटातून गाड्यांची रांग बाहेर पडते. बहुतेक गाड्या मुंबई पासिंगच्या, बंगल्यांकडे आणि रिसॉर्टकडे निघालेल्या. त्याच वेळी थोडं उत्तरेला रेवस बंदरात लाँच भरतीची वाट बघत असते. दोन्ही बंदरं एकाच तालुक्यातली, दोन्हीकडून मुंबईचा एकच भाऊचा धक्का गाठायचा. तरी फरक एवढा का?

मुळात हा जलमार्ग नवीन नाही. भाऊचा धक्का बांधला तो एकोणिसाव्या शतकात लक्ष्मण हरिश्चंद्र अजिंक्य यांनी. लोक त्यांना भाऊ म्हणत, म्हणून धक्काही भाऊचा. रस्ते नव्हते तेव्हा कोकणी माणसाची मुंबई इथूनच सुरू व्हायची. गिरणीत जाणारा चाकरमानी, मासळीच्या टोपल्या, भाताच्या गोणी, सगळं गलबतातून नाहीतर आगबोटीतून. पुढे महामार्ग झाला, एसटी गावोगाव पोहोचली आणि बंदरं मागे पडत गेली.

या वाटेवरचा काळा दिवस मात्र जुनी माणसं अजून विसरलेली नाहीत. १७ जुलै १९४७. भाऊच्या धक्क्यावरून रेवसकडे निघालेली रामदास बोट काशाच्या खडकाजवळ बुडाली. गटारी अमावस्येसाठी गावाकडे निघालेली माणसं, पावसाळी समुद्र, आणि बोटीवर बिनतारी यंत्रणा नाही. बोट बुडाली हे मुंबईला कळायलाच कित्येक तास गेले. सहाशेहून जास्त माणसं गेली. स्वातंत्र्य महिन्यावर आलं होतं, आणि अलिबाग-उरण पट्ट्यातल्या घराघरात रडारड होती.

रो-रो आली १५ मार्च २०२० ला. ग्रीसमध्ये बांधलेली बोट, पाचशेच्या आसपास प्रवासी आणि दीडशेच्या घरात गाड्या एका फेरीत. मुहूर्त असा की आठवड्याभरात लॉकडाऊन लागला. खरं तर त्याआधीही गाळामुळे तिचं सुरू होणं लांबलं होतंच. मांडव्याला लाटा अडवायला समुद्रात भिंत घातली, आत पाणी शांत झालं, पण शांत पाण्यात गाळ बसतो हेही तेवढंच खरं. खाडीकाठच्या शेतकऱ्याला हे सांगायला इंजिनिअर लागत नाही. त्यामुळे चॅनेल उपसत राहावं लागतं, आणि त्याचा खर्च एकदाच करून भागत नाही.

फायदा झाला हे नाकारता येणार नाही. रस्त्याने शंभर किलोमीटरच्या आसपास अंतर, त्यात वडखळ नाक्याचा खोळंबा. समुद्रातून तासाभरात माणूस गाडीसकट पोहोचतो. गेटवेच्या कॅटामरान मेअखेरीला बंद होतात त्या थेट सप्टेंबरलाच. रो-रो मात्र हवामान ठीक असेल तर पावसातही येते. चोंढी, किहीमकडे धंदा वाढला, जमिनीचे भाव कुठल्या कुठे गेले. ज्यांनी आधीच विकली ते आता हळहळतात, तो भाग वेगळा.

पण ही सोय नेमकी कुणाची? भाडं गाडीच्या आकारावर ठरतं. ज्याच्याकडे गाडीच नाही त्याला मांडव्यापर्यंत यायचं भाडं वेगळं पडतं. कॅटामरानच्या तिकिटात निदान अलिबागपर्यंतची बस धरलेली असते. पांढऱ्या कांद्याला २०२२ मध्ये जीआय मिळाला, माळा अजून रस्त्याच्या कडेलाच टांगलेल्या. शेतमालासाठी बोटीवर ठरलेली जागा आणि परवडेल असा दर मिळाला, तर पहाटेची वेळ धरून माल दादर-भायखळ्याला नेता येईल. आणि रात्री एखाद्याला मुंबईच्या दवाखान्यात न्यायची वेळ आली तर फेरी नसते. तेव्हा पुन्हा वडखळच.

रेवसची लाँच ही गरिबाची बोट. पावसातही चालते, सामान घेते, भाडं खिशाला झेपतं. पण ओहोटी लागली की गाळात अडकायची भीती. समोर करंजा डोळ्याला दिसतो, रस्त्याने मात्र पेणला वळसा घालावा लागतो. तिथल्या रो-रोचं काम मुदती उलटल्या तरी रखडतच राहिलं. पूल होणार हे लोक अंतुल्यांच्या काळापासून ऐकताहेत. पूल होईल तेव्हा होईल. तोवर रोज जाणाऱ्या कामगाराला, विद्यार्थ्याला भरती-ओहोटीचं वेळापत्रक तोंडपाठ ठेवणं भाग आहे.

सुरक्षेचंही तसंच. १८ डिसेंबर २०२४ ला घारापुरीकडे निघालेल्या नीलकमल बोटीला नौदलाच्या स्पीडबोटीची धडक बसली, १५ जण गेले. त्यानंतर लाइफ जॅकेटची सक्ती झाली. सुरुवातीला सगळ्यांनी घातली. नंतर उकडतंय, वास येतोय म्हणून बाजूला ठेवणारेही दिसू लागले. जॅकेट स्वच्छ आणि पुरेशी ठेवणं बोटवाल्याचं काम, ते अंगावर घालणं प्रवाशाचं, आणि दोन्ही होतंय का हे धक्क्यावर उभं राहून बघणं मेरीटाइम बोर्डाचं.

गावागावातून आता मागणी होण्यासारखी गोष्ट साधी आहे. मांडव्याचं चॅनेल जसं नियमित उपसलं जातं, त्याच हिशेबात रेवसचा गाळही दरवर्षी पावसाळ्यानंतर काढावा. ग्रामसभेत तसा ठराव घेऊन तो मेरीटाइम बोर्डाकडे पाठवता येतो. त्याला पैसे पडत नाहीत.