ज्याचे छप्पर गेले, त्याच्याच माथी शुल्क

न्याय कोणालाही विकला जाणार नाही, असे वचन इंग्लंडच्या राजाने 1215 साली मॅग्ना कार्टात दिले. महाराष्ट्रात तो आजही विकला जातो, आणि त्याचा सर्वांत चढा भाव ज्याला घराबाहेर काढले गेले आहे त्याच्याकडूनच वसूल होतो. ही अतिशयोक्ती वाटत असेल त्याने बोईसरच्या एखाद्या चाळीतला ताब्याचा तंटा न्यायालयाच्या उंबरठ्यापर्यंत नेऊन पाहावा.

तारापूरचे अणुवीज केंद्र 1969 साली सुरू झाले. पुढे औद्योगिक वसाहत वाढली आणि तिच्याभोवती कामगारांच्या चाळी उभ्या राहिल्या. या खोल्यांचे व्यवहार बहुधा साध्या स्टॅम्पपेपरावर होतात. घरपट्टी एकाच्या नावे, वीजबिल दुसऱ्याच्या, जमिनीचा सातबारा तिसऱ्याच्या. पुष्कळदा तो तिसरा आदिवासी असतो, आणि महसूल संहितेच्या कलम 36-अ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांच्या मंजुरीवाचून त्याची जमीन बिगर-आदिवासीकडे जाऊच शकत नाही. मग खोलीचा मालक कोण? रोख पैसे मोजून खोली ‘विकत’ घेणारा कामगार म्हणतो मी. चाळवाला म्हणतो, हा तर माझा भाडेकरू.

येथे शुल्काचा कायदा पुढे येतो. 1959 च्या न्यायालयीन शुल्क कायद्यानुसार मालकाने भाडेकरूकडून ताबा मागितला, तर दाव्याचे मूल्य म्हणजे केवळ मागील एका वर्षाचे भाडे. घराचा ताबा मालकी हक्काने मागितला, तर मूल्य बाजारभावाचे. शुल्काचा प्रश्न फिर्यादीतील कथनावरून ठरवावा, प्रतिवादीच्या म्हणण्यावरून नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1958 मध्येच सांगितले आहे. तत्त्व म्हणून ते योग्यच. परंतु त्यामुळे ‘भाडेकरू’ हा एक शब्द लिहिण्याची किंमत अफाट वाढते. समजा, खोलीचे भाडे महिना 3 हजार आणि बाजारभाव 12 लाख. चाळवाला 36 हजारांवर शुल्क भरून दार ठोठावतो. तोच कामगार रात्रीतून सामानासह बाहेर फेकला गेला, तर त्याला 12 लाखांवर शुल्क भरावे लागते. खोली एकच, तंटा एकच!

नुसती मालकी जाहीर करून मागावी, तर शुल्क चौथाईवर येते. पण विशिष्ट अनुतोष अधिनियमाचे कलम 34 सांगते की, ताबा मागणे शक्य असताना नुसती घोषणा मागता येणार नाही. म्हणजे स्वस्त दार उघडे ठेवायचे आणि बेघराला मात्र त्यातून आत शिरू द्यायचे नाही. त्याच अधिनियमाच्या कलम 6 खाली मालकी सिद्ध न करताही ताबा परत मागता येतो, परंतु सहा महिन्यांच्या आत. आणि ते सहा महिने पोलीस चौकी, तलाठी, ग्रामपंचायत यांच्या पायऱ्या झिजवण्यात जातात.

बाजारभाव तरी कोणी वाढवला? 30 ऑगस्ट 2024 रोजी पालघरला वाढवण बंदराची पायाभरणी झाली. प्रत्येक प्रकल्पाच्या घोषणेबरोबर जमिनीचे भाव चढतात आणि खोलीत एक वीटही न बसवता कामगाराच्या दाव्याचे शुल्क चढते. कोट्यवधींच्या तंट्याला मात्र कमाल मर्यादेचे छत्र आहे. ती मर्यादा 2018 मध्ये 3 लाखांवरून 10 लाखांवर गेली. तरीही त्यापलीकडचे कोट्यवधी शुल्कमुक्तच राहतात.

कोणी म्हणेल, शुल्क नसेल तर खोट्या दाव्यांचा पूर येईल. ही सबब कंपनी सरकारच्या काळापासूनची आहे, आणि बंगालच्या 1795 च्या नियमातील असल्याच प्रस्तावनेची खुद्द मेकॉलेने टर उडवली होती. खोट्या दाव्याची एवढी धास्ती असती, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 35-अ खालील भरपाई 3 हजार रुपयांवर का अडकून पडली असती? खोटे बोलणाऱ्याला 3 हजारांत सुटका आणि खरे बोलणाऱ्याकडून बाजारभाव, असा हा हिशेब आहे.

मोफत विधी सेवा आहे, हे खरे. 1987 च्या कायद्याने आदिवासी, स्त्रिया आणि औद्योगिक कामगार तिला पात्र आहेत. परंतु ठेकेदाराच्या हाताखाली राबणाऱ्याने आपण कामगार असल्याचे सिद्ध करायचे कशाने? हजेरीपत्रकावर ज्याचे नाव नाही, त्याच्या हाती दाखला कोण देणार? निर्धन म्हणून दावा करायचा, तर प्रथम निर्धनतेचीच चौकशी सोसायची.

राज्य विधिमंडळाने मनात आणले तर हे एका दुरुस्तीने बदलेल. राहत्या घरातून बळाने काढलेल्या माणसाच्या ताब्याच्या दाव्याला, मालकीचा वाद असो वा नसो, चाळवाल्याला लागते तेच एका वर्षाच्या भाड्यावरचे शुल्क लावावे. उरलेले शुल्क निकालानंतर हरणाऱ्याकडून वसूल करावे. आणि भाडेकरू म्हणून दावा लावणाऱ्याला भाड्याची एकही पावती दाखवता आली नाही, तर त्याच्याकडून त्याच खोलीच्या बाजारभावावर शुल्क घ्यावे.