मथळ्यातली जात

वर्षभर एक मथळा मला छळतो आहे : 'पारधी टोळी जेरबंद'. गाव बदलते, पोलीस ठाणे बदलते, मथळा तोच राहतो. वरच्या जातीतल्या संचालकाने पतपेढी बुडवली तर बातमीत त्याचे नाव आणि वय छापले जाते. पारधी पकडला गेला की आधी त्याची जमात येते, नाव पुष्कळदा येतच नाही. आरोपपत्र अजून दाखल व्हायचे असते, पण अख्ख्या जमातीचा निकाल लागून गेलेला असतो.

वर्षात घडले पुष्कळ. पहिलीपासून हिंदी शिकवण्याचा निर्णय राज्य सरकारला मागे घ्यावा लागला. सप्टेंबरच्या पुराने मराठवाड्याचा खरीप नेला. त्यांवर इतरांनी लिहिले आहे. मला या मथळ्याबद्दलच बोलायचे आहे, कारण त्याची मुळे जुनी आहेत.

इंग्रजांनी 1871 साली गुन्हेगार जमाती कायदा केला आणि 1911 मध्ये तो मुंबई इलाख्यात आला. पारधी, कैकाडी, भामटा, कंजारभाट अशा जमातींत जन्मलेल्या माणसाचे नाव त्याने काही करण्याआधीच नोंदवहीत चढू लागले. रोजची हजेरी, परवान्याशिवाय हलायला बंदी, सोलापुरात तारेच्या कुंपणातली वसाहत. 31 ऑगस्ट 1952 रोजी कायदा रद्द झाला आणि या जमाती 'विमुक्त' म्हणवल्या जाऊ लागल्या. 1959 मध्ये मुंबई राज्याने सराईत गुन्हेगारांसाठी नवा कायदा केला. त्यात जमातींची नावे नव्हती, पण ठाण्यातल्या संशयाचा पत्ता जुनाच राहिला.

आजही आसपास घरफोडी झाली की पहाटे पारध्यांच्या पालावर पोलिसांची गाडी येते आणि हाती लागतील ते पुरुष उचलले जातात. महाराष्ट्र पोलीस कायद्याचे कलम 122 रात्री संशयास्पद स्थितीत सापडलेल्यासाठी, तर कलम 124 जवळच्या मालाचा समाधानकारक खुलासा देता न येणाऱ्यासाठी आहे. पालावरच्या बाईने आजीच्या पाटल्यांची पावती कुठून आणायची? आपल्यापैकी किती घरांत अशी पावती आहे? आपल्याला कुणी ती विचारत नाही, एवढाच फरक. मग वकिलासाठी कर्ज निघते, पाल दुसरीकडे हलते, मुलांची शाळा तुटते.

नाशिक जिल्ह्यातल्या 2003 च्या दरोडा आणि खून प्रकरणात भटक्या जमातीतल्या सहा जणांना अटक झाली. 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना फाशी ठोठावली. 5 मार्च 2019 रोजी त्याच न्यायालयाने सगळ्यांना निर्दोष सोडले. प्रत्यक्षदर्शी साक्षीदाराने पोलिसांकडच्या फोटोंतून वेगळ्याच चौघांना ओळखले होते, पण त्यांच्यावर खटलाच चालला नव्हता. न्यायालयाने प्रत्येकाला पाच लाख रुपये भरपाई द्यायला लावली आणि चुका करणाऱ्या अधिकाऱ्यांवर कारवाई करायला सांगितले. पण त्या माणसांची सोळा वर्षे गेली. ज्यांची माणसे मारली गेली, त्या कुटुंबालाही न्याय मिळाला नाही. जात बघून केलेल्या तपासात खरा गुन्हेगार सुटतो, हे पोलिसांनीही मनावर घ्यायला हवे.

3 ऑक्टोबर 2024 रोजी मराठीला अभिजात दर्जा मिळाला. आपण पेढे वाटले, तो आनंद खराच होता. त्याच दिवशी सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांच्या नियमावल्यांतला जातिभेद घटनाबाह्य ठरवला आणि विमुक्त जमातींच्या लोकांना मनमानी अटक होऊ नये म्हणून पोलिसांना घालून दिलेले दंडक पाळायला बजावले. मुंबईच्या एका महिला पत्रकाराच्या याचिकेवरचा हा निकाल आहे. तो प्रत्येक ठाण्याच्या भिंतीवर मराठीत लागायला हवा.

यंदाच्या आमच्या दिवाळी अंकाचा विषय 'घर' आहे. वास्तू, वाडे, फ्लॅट, परदेशातली बिऱ्हाडे असे सारे यात आहे. ज्या घराला दारच नाही आणि म्हणून झडतीला येणाऱ्याला ते ठोठावावेही लागत नाही, त्या पालाची आठवण ठेवून हा अंक वाचावा.

सहकारी संपादकांना माझी विनंती आहे : पोलिसांच्या प्रेसनोटमधली जमात छापू नका. आणि वाचकहो, असा मथळा पुन्हा दिसला तर त्या वृत्तपत्राच्या संपादकांना पत्र लिहा, एक प्रत आम्हाला पाठवा. पुढच्या दिवाळी अंकात ती पत्रे आम्ही छापू.