सवलत शासनाची, उसनवारी पालकांची

व्यावसायिक महाविद्यालयांच्या शुल्काचा प्रश्न गेली तीन दशके न्यायालयाच्या दारात उभा आहे. प्रवेशाचा हंगाम आला की याचिका, अंतरिम आदेश आणि बदललेले वेळापत्रक हा क्रम जणू ठरून गेला आहे. या कज्ज्यांत एका बाजूला संस्थाचालक असतात, दुसऱ्या बाजूला शासन. ज्याच्या खिशातून पैसा जातो, तो पालक बहुधा बाहेर बाकावर बसलेला असतो.

१९८३ साली वसंतदादा पाटील यांच्या सरकारने विनाअनुदानित अभियांत्रिकी महाविद्यालयांना वाट मोकळी करून दिली. कर्नाटकाकडे जाणारी अनेक मुले त्यामुळे राज्यातच शिकू लागली, हे श्रेय नाकारता येणार नाही. पण त्याच वाटेने देणगीही आली. १९८७ मध्ये कॅपिटेशन फीवर बंदी घालणारा कायदा करावा लागला, इतकी ती फोफावली होती.

१९९३ च्या उन्नीकृष्णन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एक तोडगा काढला. निम्म्या जागा गुणवत्तेवर, शासकीय दराने. उरलेल्या निम्म्या अधिक शुल्काच्या. म्हणजे ऐपतदाराने गरिबाचा भार उचलायचा. हेतू उदात्त, पण घडले उलटेच! शहरातील उत्तम शाळांत, महागड्या शिकवण्या लावून शिकलेली सधन घरांतील मुले स्वस्त जागा पटकावून बसली आणि गावाकडच्या शेतकऱ्याचा मुलगा कर्ज काढून त्यांचा भार वाहू लागला. २००२ मध्ये टी. एम. ए. पै खटल्यात अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने ही विसंगती नोंदवून ती योजना रद्द केली. नफेखोरी नको, मात्र संस्थेच्या वाढीसाठी वाजवी शिल्लक असू द्यावी, असे सूत्र ठरले. पुढच्या वर्षी निवृत्त न्यायमूर्तींच्या शुल्क समित्या आल्या. १२ ऑगस्ट २००५ रोजी पी. ए. इनामदार विरुद्ध महाराष्ट्र शासन या खटल्यात सात न्यायमूर्तींनी समित्या राखल्या. पण विनाअनुदानित संस्थांवर शासनाला आपला कोटा लादता येणार नाही, असेही सांगितले. त्यावर संसदेने ९३ वी घटनादुरुस्ती केली, तो इतिहास वेगळा.

या निकालांचा एक परिणाम फारसा चर्चिला जात नाही. एका विद्यार्थ्याच्या शुल्कातून दुसऱ्याला सवलत देण्याचा मार्ग बहुतांशी बंद झाला. म्हणजे सवलत द्यायची तर ती मुख्यतः सरकारी तिजोरीतूनच द्यावी लागणार. महाराष्ट्राने हे तत्त्वतः मान्य केले. राजर्षी शाहू महाराज शुल्क प्रतिपूर्ती योजनेची उत्पन्नमर्यादा आठ लाखांपर्यंत वाढली. जुलै २०२४ च्या शासन निर्णयाने तर केंद्रीय प्रक्रियेतून प्रवेश घेणाऱ्या, या मर्यादेतील आर्थिक दुर्बल व मागास घटकांतील विद्यार्थिनींचे शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क शंभर टक्के माफ झाले. निर्णय स्वागतार्हच आहे. (वसतिगृह आणि खाणावळीचा खर्च त्यात नाही, हे मुलीला परगावी ठेवणाऱ्या घराला लगेच कळते.)

घोषणा आणि भरणा यांच्यातील अंतरातच खरा संघर्ष आहे. प्रतिपूर्तीचा हप्ता रेंगाळला की प्राध्यापकांचे पगार थकतात, हे संस्थाचालकांचे गाऱ्हाणे खोटे नाही. मग काही महाविद्यालयांच्या खिडकीवर सांगितले जाते, ‘आता पूर्ण भरा, शासनाचे आले की परत देऊ.’ आगाऊ शुल्क घेऊ नये, असे शासन बजावते. पण आदल्या वर्षाची थकबाकी ठेवून दिलेल्या तंबीला वजन ते किती? पतपेढीत कारकुनी करणारा बाप अशा वेळी पत्नीचे दागिने तारण ठेवतो. सवलत शासनाची, व्याज त्याचे.

न्यायालयात जावे म्हटले, तरी काळ कोणासाठी थांबत नाही. आंध्र प्रदेशाने २०१७ मध्ये खासगी वैद्यकीय महाविद्यालयांचे शुल्क वर्षाला २४ लाख, म्हणजे पूर्वीच्या सातपट केले. उच्च न्यायालयाने ते रद्द ठरवले आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम केला. शिक्षण हा नफ्याचा धंदा नव्हे, हे ठणकावून सांगत जादा रक्कम परत करायला लावली. विद्यार्थी जिंकले खरे. पण तोवर पाच वर्षे उलटली होती. एमबीबीएसचा अभ्यासक्रम जवळपास तेवढ्याच काळाचा आहे!

महाराष्ट्रात २०१५ च्या कायद्याने शुल्क नियामक प्राधिकरण आहे. जादा शुल्क घेणाऱ्या संस्थेला त्यात शिक्षा आहे आणि ती असायलाच हवी. सवलतीच्या योजना मात्र शासन निर्णयांच्या आधारे चालतात. त्यांनाही कायद्याचे बळ द्यावे. पहिले सत्र संपण्यापूर्वी निम्मी रक्कम संस्थेच्या खात्यात, उरलेली वर्षाअखेरीपूर्वी. उशीर झाल्यास व्याज तिजोरीने सोसावे. तेवढे झाले की सवलतीची रक्कम विद्यार्थ्याकडे मागणाऱ्या संस्थेवर पहिल्याच तक्रारीत कारवाई करण्याचा नैतिक अधिकार शासनाला राहील. येत्या अधिवेशनात आपल्या आमदाराने हा प्रश्न विचारावा, असा आग्रह कार्यकर्त्यांनी आणि पालकांनी धरायला काय हरकत आहे?